वर काळं, खाली पांढरं

टेकडीवरच्या इस्पितळाच्या गच्चीवर समुद्राकडे तोंड करून एक भलीमोठी लाकडी फळी उभी होती. एका कोपऱ्यातून समोरच्या कोपऱ्यात तिरकी रेघ, रेघेच्या वर काळा त्रिकोण, खाली पांढरा. बस्स. ना नाव, ना बाण, ना दोन ओळींची सूचना. खिडक्या रंगवायला आलेला रंगारी तिच्यासमोर उभा राहिला तो राहिलाच. खाली रंगाच्या डब्यावर साय धरली तरी याला पत्ता नाही.

"हे काय आहे हो?" त्यानं मेट्रनबाईंना विचारलं.

"मला काय विचारता? मी आले तेव्हापासून आहे. फिकी पडलीय, तीही रंगवून टाका."

वॉर्डातल्या मदतनिसानं सांगितलं, कबुतरं बसू नयेत म्हणून लावलीय. कबुतरं त्या वेळी तिच्यावर ओळीनं बसली होती. स्वयंपाकघरातला आचारी म्हणाला, पहिल्या मोठ्या डॉक्टरांनी ती उभी केली. ते सदा काहीतरी वाचायचे आणि मग काहीतरी करायचे. डॉक्टर वारले, कारण त्यांच्याबरोबर गेलं, फळी मागे राहिली. कुणाला काढावीशी वाटली नाही आणि कुणाला विचारावंसंही वाटलं नाही. आपल्याकडे असंच असतं बघा, भिंतीवर खिळा असला की त्याला काहीतरी अडकवतात, कुणी ठोकला ते कोण विचारतो?

रंगाऱ्यानं फळी रंगवली. संध्याकाळी बंदराच्या धक्क्यावर जाऊन त्यानं मागे वळून पाहिलं आणि त्याच्या तोंडून "अरे वा!" असं निघून गेलं. जन्मभर त्यानं दुकानांच्या पाट्या लिहिल्या, आणि जन्मभर लोकांनी डोळे बारीक करून त्या वाचल्या. इथे एवढ्या लांबून इस्पितळ दिसत नव्हतं, पण पाटी दिसत होती. ज्यानं कुणी हे शोधून काढलं तो माझा गुरू, असं त्यानं तिथल्या तिथे ठरवलं.

दुसऱ्या दिवशी त्यानं तेच चित्र आपल्या घराच्या समुद्राकडच्या भिंतीवर काढलं. जाहिरात म्हणून हो, दुसरं काही नाही. ते पाहून मासळी लिलावाच्या चावडीवाल्यांना हवं झालं. मग बर्फाच्या कारखान्याला. मग होड्या बांधणाऱ्यांना. कुणीतरी उठवून दिलं की इस्पितळाला आजवर आग लागली नाही ती या चित्रामुळे. रंगाऱ्यानं हे कधी म्हटलं नाही, पण नाहीही म्हटलं नाही. गिऱ्हाईक स्वतःच्या तोंडानं माल विकत असेल तर दुकानदारानं मध्ये तोंड घालू नये, हा त्याचा धंद्याचा नियम. शेवटी आरमाराच्या कोळशाच्या गोदामाचे अधिकारी, ज्यांना सगळं बंदर गोदामसाहेब म्हणायचं, त्यांनीही बोलावणं धाडलं. "सगळ्यांपेक्षा मोठं काढायचं," ते म्हणाले. रंगाऱ्यानं काढलं. अख्खी भिंत.

हे सगळं शांततेच्या दिवसांतलं. पुढे शेजारच्या देशाशी जुंपली. का जुंपली ते प्रत्येक जण वेगळं सांगायचा. आठवड्यात बातमी आली की वरच्या किनाऱ्यावरच्या एका बंदरावर शत्रूच्या युद्धनौकेनं तोफा डागल्या. लोक समुद्राकडे पाठ करून बसेनासे झाले.

आणि नेमक्या त्याच दिवसांत रंगाऱ्याची बायको इस्पितळात पडून होती. सातवा महिना, रक्त जाऊ लागलेलं. डॉक्टरांनी बजावलं होतं की खाटेवरून पायसुद्धा खाली टाकायचा नाही; हलवाल तर बाळही जाईल आणि बाईही. लग्नाला बारा वर्षं झाल्यावर राहिलेलं हे मूल. रंगारी दिवसातून दोनदा डबा घेऊन जायचा आणि खाटेचा पाय धरून बसायचा. त्याची आई मात्र एकदाही फिरकली नव्हती. "आम्ही काय पोरं जन्माला घातली नाहीत? झोपून राहायला इस्पितळ कशाला?" असं ती, सून इस्पितळात निघाली तेव्हा, तिला बोलली होती. सुनेनं ते मनाला लावून घेतलं होतं आणि सासूनं, सुनेनं मनाला लावून घेतलं हे मनाला लावून घेतलं होतं.

शेजारच्या खाटेवर पायाला वजन टांगून प्रोफेसरबाई पडल्या होत्या. ग्रंथालयाच्या शिडीवरून पडल्या. उभा जन्म कॉलेजात कायदा शिकवण्यात गेलेला, त्यामुळे पडल्या पडल्याही त्या सगळ्यांची उलटतपासणी घ्यायच्या. एका सकाळी त्यांची खाट जागच्या जागी खिडकीकडे तोंड करून फिरवली. त्यांनी बाहेर पाहिलं आणि रंगाऱ्याला हाक मारली.

"अहो, ती मासळीच्या चावडीवरची पाटी कुणी काढली?"

"मीच, बाई."

"आणि बर्फाच्या कारखान्यावरची?"

"तीही मीच," रंगारी फुलून म्हणाला.

"आणि ती… ती कोळशाच्या गोदामावरची?"

"ती तर माझी सगळ्यात मोठी!"

बाईंनी कपाळाला हात लावला. "अहो भल्या माणसा, काय करून ठेवलंत हे! ती नक्षी नाही, ते बोलणं आहे."

"कुणाशी?"

"तोफेमागे उभ्या असलेल्या माणसाशी."

रंगाऱ्यानं स्टूल ओढलं. अखेर कुणीतरी सापडलं होतं ज्याला त्या फळीचं माहीत होतं.

बाईंनी सांगितलं. पूर्वी हेग नावाच्या शहरात जगातल्या देशांची परिषद भरली. शांतता परिषद म्हणायचे. आधी एक भरली होती, आठ वर्षांनी ही दुसरी. एकमेकांवर डोळा ठेवून असलेले देश एका दिवाणखान्यात महिनोन्‌महिने बसले आणि शब्दाशब्दावर भांडले. तोफा कमी करायचं काही जमलं नाही. तेव्हा त्यांनी, निदान युद्धात काय करायचं नाही ते तरी लिहून काढलं. त्यातलाच एक नियम असा की समुद्रावरून गोळे टाकताना इस्पितळं, देवळं, जुन्या वास्तू, विद्येची आणि धर्मादायाची घरं होता होईल तेवढी वाचवायची. पण बोटीवरच्या माणसाला लांबून काय कळणार? म्हणून ती घरं कुठली हे गावकऱ्यांनीच दाखवायचं. मोठी ताठ आयताकृती फळी, तिरकी दुभागलेली, वर काळं, खाली पांढरं.

"हे त्या परिषदेत ठरलं? काळं कुठे आणि पांढरं कुठे, हेसुद्धा?"

"हेसुद्धा."

"काळं वर का?"

"ते लिहिलेलं नाही," बाई म्हणाल्या. "तुम्हाला काय वाटतं?"

रंगारी विचारात पडला. मग म्हणाला, "मागे उजळ आभाळ असतं ना, म्हणून असेल."

"असेल. मी इतकी वर्षं शिकवलं, पण हा प्रश्न एका पोरानं विचारला नाही."

आता रंगाऱ्याला प्रश्नांचा पूर आला. त्या शत्रूनंही सही केलीय का? केलीय, आपणही केलीय. मग न पाळणाऱ्याला पकडायला पोलीस कोण? कुणी नाही. "कुणीच नाही? मग पाळतं कोण?"

"ज्याला आठवतं की आपलीही इस्पितळं कुठल्या तरी किनाऱ्यावर आहेत, तो पाळतो. कधी कधी तोही पाळत नाही. मी तुम्हाला खोटी आशा दाखवणार नाही. पण आणखी एक अट आहे, ती ऐका. जिथे लढाईचं काही चालतं त्या जागेला हे संरक्षण नाही. आणि इथे तर लढाऊ बोटींच्या कोळशावर सगळ्यात मोठी पाटी. बोटीवरच्या माणसाकडे दुर्बीण असते, त्याला कोळशाचे ढीग दिसतात. तो म्हणेल, या गावची पाटी म्हणजे थाप. मग इस्पितळावरचीही थाप."

शेजारच्या खाटेवरून बायको हे सगळं ऐकत होती. तिनं पोटावर हात ठेवला. गिऱ्हाईकांना खूश करता करता आपणच आपल्या बायकोच्या डोक्यावरचं छप्पर काढून घेतलं, हे रंगाऱ्याला लख्ख दिसलं.

तो राखाडी रंगाचा डबा घेऊन थेट चावडीवर गेला. सगळं सांगितलं. लोकांनी ऐकलंही मन लावून. आणि ऐकून झाल्यावर त्यांना पाटी आधीपेक्षा दुपटीनं प्यारी झाली!

"म्हणजे हिच्यामुळे गोळा पडत नाही?" चावडीचा मुकादम म्हणाला. "मग पुसतोस कशाला, बाबा? आणखी एक काढ की मागच्या बाजूला."

"अहो, सगळ्यांनी लावली तर कुणाचीच चालत नाही."

"मग दुसऱ्यांना सांग पुसायला."

बर्फवाल्यानं तेच सांगितलं, होडीवाल्यानंही तेच. मी सोडून सगळ्यांनी पुसावं, या एका ठरावावर सगळ्या गावाचं एकमत होतं. त्या परिषदेतही असंच चालत असणार, असं रंगाऱ्याच्या मनात आलं. शेवटी मुकादमानं दुखरी नस दाबली. "तुझ्या स्वतःच्या घरावर आहे ना? कोळशाच्या कुंपणाला लागून तुझं घर. आधी तिथलं पूस, मग आम्हाला शहाणपण शिकव."

घरी तर आई होती. गुडघे धरलेले, घर सोडून कुठे जायला तयार नाही.

तरी तो शिडी लावून चढला. खाली बघे जमले. कुणीतरी म्हणालं, "बघा, बायकोसाठी आईच्या डोक्यावरचं छत्र काढतोय." हशा पिकला. आई काठी टेकत बाहेर आली.

"काय रे, काय चाललंय?"

त्यानं शिडीवरूनच सांगितलं. आईनं मान वर करून ऐकलं. ऐकता ऐकता तिच्या कपाळाला आठी पडली. तिची आठी म्हणजे राग असायचाच असं नाही. तिला काही नीट कळून घ्यायचं असलं तरी पडायची.

"बोटीवरच्याला खरी कुठली आणि खोटी कुठली, हे कळत नाही?"

"नाही ना. म्हणून तर."

"मग आपण म्हणायचं आणि त्यानं मानायचं, एवढंच?"

"एवढंच."

"आणि एकानं खोटं म्हटलं की सगळे खोटे."

"हो, आई."

"आपलं घर इस्पितळ आहे का?"

"नाही."

"देऊळ आहे?"

"आई, तू असताना? नाही."

लोक हसले. आई हसली नाही. "मग पूस," ती म्हणाली. "आणि नीट पूस. अर्धवट राहिलं तर लांबून आणखी तिसरंच काहीतरी दिसेल." पहिला फटकारा रंगाऱ्यानं डोळे मिटून मारला. भिंत राखाडी होईपर्यंत आई खाली उभी राहून कुठला कोपरा राहिला ते दाखवत होती.

त्यानंतर मुकादम घरी गेला आणि स्वतःची शिडी घेऊन आला. त्याचा भाऊही इस्पितळातच होता, हे त्याला त्या संध्याकाळी आठवलं असावं. बर्फवाल्यानं पुसली, होडीवाल्यानं पुसली. उरलं ते गोदाम.

गोदामसाहेब म्हणाले, "मी सरकारी माणूस. कायद्यानं काढायची असेल तर कायदा घेऊन या."

रंगारी कायदा घेऊन गेला. म्हणजे गोदामाच्या हमालांनी प्रोफेसरबाईंना, टांगलेल्या पायासकट, खाटेवर उचलून उतारावरून खाली आणलं. मेट्रनबाई मागून ओरडत होत्या. बाईंनी झोपल्या झोपल्या साहेबांकडे पाहिलं.

"साहेब, अभिनंदन. या बंदरात तोफ डागायला कायदेशीर जागा एकच आहे, आणि ती तुमची."

साहेबांचा चेहरा पडला. "म्हणजे पाटी काढून मी मरणाला आवतण देऊ?"

"आवतण कोळशानं आधीच दिलंय. पाटीनं ते परत घेता येत नाही. माणसं मात्र हलवता येतात, ती हलवा."

साहेबांनी आजूबाजूला पाहिलं. भोवती हमाल उभे होते, आणि त्यातल्या बऱ्याच जणांचं कुणी ना कुणी वर टेकडीवर पडून होतं. शेवटी साहेबांनी टोपी काढून घाम पुसला आणि रंगाऱ्याला म्हणाले, "काढली तेवढ्याच सफाईनं पुसा." मग त्यांनी हमालांची आणि आजूबाजूच्या घरांची टेकडीमागे सोय करायला घेतली. माणूस वाईट नव्हता, फक्त घाबरलेला होता. तसे तर सगळेच होते.

टेकडीमागे जायला आई काही तयार होईना. चढ चढवत नाही म्हणाली. "पाठीवर नेतो," रंगारी म्हणाला, तर "मी काय पोतं आहे?" म्हणून उखडली. मग त्यानं शेवटचं काढलं. "इस्पितळात चल. तिथवर गाडी जाते. प्रोफेसरबाई म्हणाल्या, माझ्या खाटेशेजारी बसा. तीही आहे तिथे. बोलू नकोस हवं तर, नुसती बस."

आईच्या कपाळाला पुन्हा आठी पडली. "मी आजारी आहे?"

"नाही, पण…"

"मी धडधाकट बाई तिथे जाऊन बसले, की मुकादमाची आईही येईल, साहेबही येईल, उद्या शिपाईही येतील बंदुका घेऊन. मग पाटी पुन्हा खोटीच ना?"

"आई, एका म्हातारीनं काही होत नाही गं! कायदाही काही म्हणत नाही."

"एकानं काही होत नाही असं म्हणूनच गावभर रंगवत सुटला होतास."

रडू आलं त्याला. कुंपणापासून सगळ्यात लांबच्या खोलीत त्यानं आईची खाट हलवली, खिडकीला गाद्या लावल्या आणि तिच्या हाताचा मुका घेतला. "जा, डबा निवतोय," ती म्हणाली.

युद्धनौका आली ती भल्या सकाळी. रंगारी वॉर्डातच होता. खाडीच्या तोंडाशी राखाडी रंगाचं काहीतरी उभं राहिलं. चालू शकणाऱ्यांना मागच्या खोल्यांत नेलं. बायकोला हलवता येत नव्हतं आणि प्रोफेसरबाई तिला सोडून हलायला तयार नव्हत्या, तेव्हा तो दोन खाटांच्या मध्ये उभा राहिला.

"त्यानं वाचलं असेल का हो, बाई?"

"कुणाला ठाऊक. मला तर त्याला आत्ता वर्गात बसवावंसं वाटतंय."

पहिला आवाज झाला तेव्हा काचा थडथडल्या. बायकोनं त्याचं मनगट आवळलं. दुसरा. तिसरा. छत जागेवर होतं. बंदरातून काळ्या धुराचा लोट उठला. बायकोनं धूर पाहिला आणि मनगट सोडून दिलं.

"आई घरीच आहेत?"

त्यानं मान हलवली.

"मग इथे काय उभे राहिलात? जा ना!"

तो उतारावरून धावत सुटला. धावता धावता तोफा थांबल्या. बोट वळून निघून गेली. टेकडीकडे एक गोळा आला नाही. तो कप्तान पाटी पाहून थांबला, का त्याला कोळसाच तेवढा हवा होता, हे त्या गावाला पुढे कधीच कळलं नाही. अजूनही लोक त्यावर हमरीतुमरीवर येतात.

गोदाम पेटलं होतं. त्याच्या घराची कुंपणाकडची भिंत कोसळली होती, तिच्याबरोबर अर्धं छप्परही. मुकादम आणि चार हमाल रंगाऱ्याच्या आधीच पोचले होते. त्यांनी तुळई उचलून आईला बाहेर काढली होती. पाय गुडघ्याखाली चेचला होता, केसांत चुन्याची धूळ होती, पण डोळे उघडे होते. मोडक्या दारावर घालून सगळ्यांनी तिला उचललं. रंगारी एका कोपऱ्याला खांदा देऊन चालत होता आणि चालता चालता ओक्साबोक्शी रडत होता. कुणी त्याला गप्प केलं नाही.

इस्पितळाच्या फाटकाशी आईनं हात वर केला. "थांबा रे जरा."

सगळे थांबले. तिनं मान कलती करून गच्चीकडे पाहिलं, मग मुलाकडे.

"आता मी आत गेले तर चालेल ना रे? आता काही ते खोटं नाही."